सातबारा दाखवून पोलीस मिळत नाहीत

पेरणीच्या तोंडावर पोलीस ठाण्यात एक वाक्य हमखास ऐकू येतं : “साहेब, सातबारा माझ्या नावावर आहे, भाऊ शेतात पाय ठेवू देत नाही, दोन पोलीस द्या.” ठाणे अंमलदार म्हणतो, “दिवाणी मॅटर आहे, कोर्टातून ऑर्डर आणा.” समोरच्याने पैसे चारले असणार, असं पुटपुटत माणूस बाहेर पडतो. चारलेही असतील, पण अंमलदाराचं उत्तर निदान अर्धं बरोबर असतं. सातबारा हे महसुली दप्तर आहे. फेरफारामुळे मालकी येत नाही आणि जातही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा सांगितलं आहे. मालक कोण आणि ताबा कुणाचा, हे ठरवण्याचा अधिकार पोलिसांना नाही.

चुकतं ते दुसरं अर्धं. भावाने कोयता उगारला, डोकं फोडलं, की ‘दिवाणी मॅटर’ ही सबब संपते. दखलपात्र गुन्ह्याची फिर्याद ठाण्याने नोंदवायचीच असते. नाही नोंदवली तर पोलीस अधीक्षकांकडे लेखी अर्ज, आणि तिथेही दाद लागली नाही तर न्यायदंडाधिकाऱ्याकडे. मारहाणीच्या तक्रारीसाठी दिवाणी कोर्टाच्या ऑर्डरची वाट पाहायची नसते.

सर्वांत पक्का गैरसमज मात्र मनाई हुकुमाबद्दलचा आहे. दावा दाखल झाला, निशाणी ५ चा, म्हणजे तात्पुरत्या मनाईचा, अर्ज मंजूर झाला, म्हणजे आता बांधावर पोलीस उभे राहणार, असं लोक धरून चालतात. तो हुकूम प्रतिवादीला बांधतो. त्यात पोलिसांना उद्देशून बहुधा अवाक्षर नसतं. बंदोबस्तासाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खाली वेगळा अर्ज द्यावा लागतो. हुकूम मोडला जात असेल तर त्याच्या अंमलबजावणीसाठी दिवाणी न्यायालय पोलीस संरक्षण देऊ शकतं, हे सर्वोच्च न्यायालयाने २००६ सालच्या एका निकालात स्पष्ट केलं आहे. पण मोडल्याचा पुरावा हवा : अदखलपात्र तक्रारींच्या (एनसी) नकला, तारखेसह फोटो, शेजाऱ्यांची प्रतिज्ञापत्रं. नुसत्या ‘धमक्या देतो’वर काम भागत नाही. शिवाय हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त करण्याची आणि त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवण्याची तरतूद ऑर्डर ३९, नियम २-अ मध्ये आहेच. वकीलही ती पुरेशी वापरत नाहीत, असं माझं मत.

हुकुमाची भाषाही बघून घ्यावी. ‘वादमिळकतीत हरकत करू नये’ एवढंच लिहिलेला कागद घेऊन हवालदार शेतावर येतो, तेव्हा त्याच्यापुढे तीन बांध असतात आणि दोन्ही भाऊ ‘हीच माझी बाजू’ म्हणत उभे असतात. गट नंबर, क्षेत्र आणि चतुःसीमा हुकुमात नसतील तर तो शांतता राखा म्हणून परत जाणार. त्याचं काय चुकलं?

‘ऑर्डर मिळाली की पोलीस त्याला बाहेर काढतील’ हेही खरं नाही. मनाई हुकूम असलेला ताबा राखतो. गेलेला ताबा परत मिळवायची वाट निराळी. बेकायदा हुसकावलं गेलं असेल तर विशिष्ट अनुतोष कायदा, १९६३ च्या कलम ६ खाली सहा महिन्यांच्या आत दावा लावता येतो, आणि त्यात मालकीचा प्रश्न काढता येत नाही. सातवा महिना लागला की ही सोय गेली. सरळ हायकोर्टात रिट करून पोलीस मागायचे, हा शॉर्टकटही चालत नाही. दिवाणी हक्क ठरलेले नसताना असं रिट वापरू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने केरळातल्या एका आश्रमाच्या वादात २००६ सालीच बजावलं.

घरातल्या सुनेची गोष्ट वेगळी. कौटुंबिक हिंसाचाराविरुद्धच्या २००५ च्या कायद्यात, कलम १९(५) प्रमाणे, जवळच्या ठाण्याला तिला संरक्षण देण्याचा आदेश न्यायदंडाधिकारी देऊ शकतात. घर सासऱ्याच्या नावावर आहे एवढ्यावरून तिचा राहण्याचा हक्क आपोआप बुडत नाही.

भावाभावांत खरी अडचण अशी की एकत्र मिळकतीत प्रत्येक हिस्सेदाराचा ताबा कायद्याने सबंध मिळकतीवर मानतात. त्यामुळे एका हिस्सेदाराविरुद्ध दुसऱ्याला मनाई सहजी मिळत नाही. मुलीही जन्माने हिस्सेदार आहेत आणि हिंदू वारसा कायद्यात २००५ ची दुरुस्ती झाली तेव्हा वडील हयात नसले तरी फरक पडत नाही, हे ११ ऑगस्ट २०२० च्या निकालाने ठरून गेलं. म्हणजे पोलीस मागण्याआधी वाटपाचा दावा, आणि त्यात बहिणींनाही पक्षकार करायचं. शेतसारा लागणाऱ्या जमिनीचं प्रत्यक्ष वाटप हुकूमनाम्यानंतर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होतं. मोजणीदार येतो आणि खुणा रोवतो तेव्हा दगड उपटायला भाऊबंद जमणार असतील, तर बंदोबस्ताचा अर्ज आधीच करून ठेवावा. गणपती किंवा निवडणूक आली की ठाण्यात द्यायला माणूसच शिल्लक नसतो.