एक डिस्क म्हणजे अर्धीच हिफाजत

रात्री दुकान बंद करताना आपण गल्ला मोजतो, शटर ओढतो आणि कुलूप दोनदा हलवून बघतो. मात्र आज आपला अर्धा धंदा संगणकात आणि मोबाइलमध्ये आहे. बिले, पार्ट्यांची खाती, ऑर्डरी, डिझाइनचे फोटो, बँकेचे उतारे, सारे तिथेच. त्याच्या हिफाजतीबाबत मात्र आपल्यापैकी बहुतेक जण गाफील आहेत. मीही होतो. त्याची किंमत मोजली, म्हणून हे चार शब्द लिहीत आहे.

२०१९ साली माझ्या दुकानातील संगणक भरला. व्हॉट्सअ‍ॅपवर आलेले फोटो, ईमेलमधून उतरवलेली बिले आणि साड्यांच्या काठांचे नक्शे यांनी जागा उरली नव्हती. मी १ टीबीची एक्सटर्नल हार्ड डिस्क आणली, सारा जुना माल तिच्यावर टाकला आणि संगणकातून पुसून टाकला. जागा झाली, समाधान वाटले. चार महिन्यांनी ती डिस्क चालू असताना टेबलावरून खाली पडली. पुन्हा जोडली तर आतून टकटक आवाज येऊ लागला. दुरुस्ती करणाऱ्याने काही फाइली काढून दिल्या, पण नक्शे गेले ते गेलेच. त्यांत एका वृद्ध नक्शाकाराने हाताने काढलेल्या काठांचे स्कॅन होते. कागद केव्हाच वाळवीने खाल्ले होते आणि ते गृहस्थही हयात नव्हते. पैशाचे नुकसान भरून निघते, त्या हाताची कारागिरी कोठून आणायची?

माल हलवणे वेगळे, प्रत ठेवणे वेगळे

माझी चूक डिस्क पडली ही नव्हती. एका गोदामातला माल दुसऱ्या गोदामात हलवला आणि त्यालाच मी हिफाजत समजलो, ही खरी चूक. फाइल संगणकातून पुसून डिस्कवर ठेवली, तर फाइल एकच राहते, फक्त तिचा पत्ता बदलतो. हिफाजत म्हणजे एकाच फाइलच्या दोन-तीन प्रती, वेगवेगळ्या ठिकाणी.

हार्ड डिस्कच्या आत चकत्या वेगाने फिरतात आणि त्यांच्यावर केसापेक्षाही कमी अंतरावरून एक सुई तरंगत असते. चालू असताना धक्का बसला की ती सुई चकतीला घासते आणि लिहिलेले खरवडले जाते. नव्या प्रकारच्या एसएसडीमध्ये फिरणारे काही नसते. ती धक्का सोसते आणि वेगानेही चालते, पण त्याच साठवणीला जास्त पैसे पडतात. तीही कधी ना कधी बिघडतेच, आणि वर्षानुवर्षे वीज न देता कपाटात ठेवली तर तिच्यावरील मजकूर उडू शकतो. तेव्हा कोणत्याही एका डिस्कवर भरवसा ठेवू नये.

मापाचा फरक

नवी डिस्क घेतल्यावर अनेकांना फसवणूक झाल्यासारखे वाटते. खोक्यावर १ टीबी लिहिलेले असते आणि संगणक दाखवतो ९३१ जीबी. यात लबाडी नाही, गज वेगळा आहे. कारखानदार १,००० च्या पटीत मोजतो, विंडोज १,०२४ च्या पटीत. १०० वार कापड मीटरने मोजले तर ९१.४४ मीटर भरते, कापड मात्र तेवढेच असते. तसेच हे.

आधी झाडलोट

डिस्क विकत घेण्याआधी संगणक झाडून घ्यावा. ‘डाउनलोड्स’चे फोल्डर उघडा आणि फाइली आकारानुसार लावा. सर्वांत मोठ्या फाइली वर येतील, त्यांत बहुधा व्हिडिओ आणि एकदाच लागलेली सॉफ्टवेअरे निघतील. एकच बिल चार वेळा उतरवले असेल तर त्याच्या नावापुढे कंसात १, २, ३ असे आकडे दिसतील. उघडून खात्री करा, एक ठेवा, बाकी काढा. शुभेच्छांचे फोटो आणि फॉरवर्ड होऊन आलेले व्हिडिओ यांना गोदामात जागा देण्याचे कारण नाही.

उरलेल्याचे तीन भाग करा : हिशेब, डिझाइन आणि कागदपत्रे. फाइलच्या नावात आधी वर्ष, मग महिना, मग तारीख आणि शेवटी पार्टीचे नाव लिहा. उदाहरणार्थ, २०२४-०८-१७ आणि पुढे पार्टी व मालाचे नाव. असे केल्याने फाइली आपोआप तारखेच्या क्रमाने लागतात आणि गिऱ्हाईक समोर बसलेले असताना शोधाशोध होत नाही.

तीन प्रतींचा नियम

या कामातील जाणकार एक सोपा नियम सांगतात : प्रती तीन, साधने दोन प्रकारची आणि एक प्रत दुकानाबाहेर. आपल्यासारख्यांसाठी त्याचा अर्थ असा. एक प्रत संगणकात, दुसरी एक्सटर्नल डिस्कवर, तिसरी घरी ठेवलेल्या दुसऱ्या डिस्कवर किंवा गूगल ड्राइव्हसारख्या ऑनलाइन जागेत. ऐपत एकाच डिस्कची असेल, तर निदान हिशेब आणि नक्शे तरी ऑनलाइन ठेवावेत. त्यांना फारशी जागा लागत नाही.

दुकानाबाहेर कशासाठी? २६ जुलै २००५ आठवा. त्या दिवशी मुंबईत सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला आणि तळमजल्यावरच्या दुकाना-गोदामांत पाणी शिरले. संगणक आणि त्याची डिस्क एकाच टेबलावर असतील, तर पाणी, आग किंवा चोर दोन्ही एकदमच नेतो.

डिस्क कायम संगणकाला जोडून ठेवण्यातही धोका आहे. मे २०१७ मध्ये ‘वॉनाक्राय’ नावाचा व्हायरस जगभर पसरला. तो फाइलींना कुलूप लावून खंडणी मागत होता, आणि संगणकाला जोडलेल्या डिस्कवरील फाइलीही सोडत नव्हता. म्हणून प्रत काढून झाली की डिस्क सुरक्षितपणे बंद करावी, वायर काढावी आणि कपाटात ठेवावी.

कायदाही हेच सांगतो

जीएसटी कायद्याच्या कलम ३६ प्रमाणे नोंदणीकृत व्यापाऱ्याने त्या वर्षीचे वार्षिक विवरणपत्र भरण्याच्या शेवटच्या तारखेपासून ७२ महिने हिशेब जपून ठेवायचे असतात. २०२३-२४ च्या विवरणपत्राची तारीख ३१ डिसेंबर २०२४ होती, म्हणजे त्या वर्षाची बिले ३१ डिसेंबर २०३० पर्यंत हवीत. अपील किंवा चौकशी चालू असेल तर मुदत आणखी वाढू शकते. हिशेब संगणकावर ठेवणाऱ्याने त्याची दुसरी प्रत अशी ठेवावी की अपघातानंतर तो पुन्हा उभा करता येईल, असे नियम ५७ मध्ये स्पष्ट म्हटले आहे. अधिकाऱ्यासमोर ‘डिस्क पडली’ हे उत्तर चालत नाही.

काही सवयी

आठवड्यातला एक दिवस ठरवा. ज्या दिवशी बाजार बंद असतो तो बरा. त्या दिवशी टॅलीचा बॅकअप काढा आणि नव्या फाइली डिस्कवर ‘कॉपी’ करा, ‘कट’ नव्हे. डिस्कवर जाऊन दोन-चार फाइली उघडून बघा. न उघडलेली प्रत म्हणजे न मोजलेला गठ्ठा. आत किती ताग आहेत ते सोडल्यावरच कळते.

४ जीबीपेक्षा मोठी फाइल डिस्कवर जात नसेल, तर ती डिस्क बहुधा ‘फॅट३२’ या जुन्या पद्धतीने तयार केलेली असते. ‘एक्सफॅट’ केल्यास अडचण दूर होते, परंतु तसे करताना डिस्क पूर्ण पुसली जाते, म्हणून आतील माल आधी दुसरीकडे ठेवावा. डिस्कमधून टकटक आवाज येऊ लागला तर पुन्हा पुन्हा जोडून बघू नये, प्रत्येक वेळी नुकसान वाढते. गिऱ्हाइकांचे आधार आणि बँकेचे कागद असलेल्या डिस्कला पासवर्ड लावावा आणि तो घरातील एका जबाबदार माणसाला सांगून ठेवावा. उद्या आपण नसलो, तर उधारी कोणाकडे किती हे मुलांना कळले पाहिजे.

माझ्याकडे आता दोन डिस्क आहेत. एक दुकानात, एक घरी, आणि दर महिन्याला त्यांची अदलाबदल होते. या कामाला अर्ध्या तासापेक्षा जास्त वेळ लागत नाही. बंधूंनो, आपल्यापैकी कित्येकांच्या मोबाइलमध्ये अशा कारागिरांच्या कामाचे फोटो असतील, जे आता पुन्हा ते काम करणार नाहीत. येत्या सुट्टीच्या दिवशी निदान त्यांची तरी दुसरी प्रत काढून ठेवा.