समानार्थी शब्द आणि योग्य शब्द

एका शब्दाच्या जागी दुसरा शब्द घालणे हे वरवर पाहता मोठे सोपे काम. कोश उघडावा, समानार्थी शब्द उचलावा आणि वाक्यात बसवावा, की झाले! परंतु कोशात शेजारी बसणारे शब्द वाक्यात शेजारधर्म पाळतातच असे नाही. आपले उमरेड पूर्वीपासून रेशीमकाठी कापडासाठी नावाजलेले विणकरांचे गाव. कोश सांगेल, काठ म्हणजे तट, काठ म्हणजे तीर. पण रेशमी तटाचे धोतर आपल्यापैकी कोण नेसेल? मत्सरी मनुष्य दुसऱ्याला ‘पाण्यात’ पाहतो. तो ‘जलात’ पाहू लागला, तर मत्सर नाहीसा होऊन नुसते पाणीच शिल्लक राहील. शब्दाला अर्थाबरोबर सोबतही असते, ती अशी.

शब्द बदलण्याचा हा उद्योग आपल्याकडे नवा नाही. शिवाजीमहाराजांच्या कारभारातील फारसी-अरबी शब्दांना संस्कृत पर्याय देण्यासाठी ‘राज्यव्यवहारकोश’ सिद्ध झाला. सुरनीसाचा सचिव झाला, डबीराचा सुमंत झाला. सचिव शब्द आजही मंत्रालयात नांदतो आहे. पण पेशव्याचा मुख्य प्रधान झाला, तरी लोकांच्या तोंडी पेशवाच राहिला. उलट, सावरकरांचा ‘महापौर’ मेयरला मागे सारून रुळला. कोशकार शब्द सुचवितो. त्याला वतन देतात ते बोलणारे लोक.

आपला भाग १९५६ सालापर्यंत मध्यप्रदेशात होता आणि नागपूर ही त्याची राजधानी होती. हिंदी आणि मराठी येथे एकाच बाजारात भेटतात. म्हणून आपल्याला आणखी एक सावधगिरी हवी. हिंदीत ‘शिक्षा’ मिळाली की मुलगा शहाणा होतो. मराठीत तीच मिळाली, तर तो रडत घरी येतो! रूप तेच, अर्थ निराळा.

येथवर हसून भागते. जमिनीच्या कागदात भागत नाही. एकच शब्द पुन्हापुन्हा येऊ नये, असे शाळेत निबंधासाठी शिकवितात. तो नियम करारनाम्याला लावून कोणी एकदा ‘ताबा’ आणि पुढच्या ओळीत ‘मालकी’ लिहिले, तर अनर्थ ओढवेल. ताबा म्हणजे वस्तू हाती असणे. मालकी म्हणजे तिच्यावर हक्क असणे. भाडेकरूकडे घराचा ताबा असतो, मालकी नसते. शोभेसाठी बदललेला शब्द अशा वेळी भांडणाचे बीज ठरतो. व्यवहाराच्या कागदात पुनरुक्ती हा दोष नव्हे, गुणच होय.

तेव्हा शब्द बदलण्यापूर्वी आपण तीन प्रश्न विचारावे. अर्थ तोच राहतो काय? शेजारच्या शब्दांशी तो जुळतो काय? आणि ज्याच्यासाठी लिहिले, त्याला तो कळतो काय? तिन्ही उत्तरे होकारार्थी आली, तर खुशाल बदलावा. एकही नकार आला, तर जुना शब्द जागेवर असू द्यावा. तो तेथे उगीच बसलेला नसतो.