विश्वासाचे शुल्क कोण भरतो?

निरवांगीच्या परिसरात ‘क्रेडिट कार्ड’ म्हटले की शेतकऱ्याला प्रथम आठवते ते किसान क्रेडिट कार्ड. इंदापूर तालुक्यातील नीराकाठचे हे गाव उसाच्या पट्ट्यातले. लागवडीचा खर्च आज आणि उसाचे बिल वर्ष-दीड वर्षाने, अशा या शेतीला पीककर्जावाचून गत्यंतर नाही. १९९८ साली सुरू झालेल्या या कार्डासाठी शेतकऱ्याला आपली विश्वासार्हता कागदोपत्री सिद्ध करावी लागते. सात-बारा आणि आठ-अचे उतारे, अन्य बँकांची थकबाकी नसल्याचा दाखला, मोठ्या रकमेसाठी वकिलाचा शोध-अहवाल आणि जमिनीवर बोजा, असा हा सारा क्रम आहे.

याच तालुक्यातून शिकून अमेरिकेत नोकरीस गेलेल्या अभियंत्याच्या खिशातील क्रेडिट कार्ड मात्र निराळ्या जातीचे असते. त्यालाही विश्वासार्हता सिद्ध करावी लागते. पण ती बँकेपुढे जितकी, तितकीच विमानतळावरील अधिकाऱ्यापुढे. ‘ग्लोबल एंट्री’ या नावाची एक योजना अमेरिकन सीमाशुल्क खात्याने २००८ साली सुरू केली. प्रवाशाने अगोदर अर्ज करावा, पूर्वचारित्र्याची तपासणी होऊ द्यावी, मुलाखत द्यावी, बोटांचे ठसे द्यावेत. मग पाच वर्षे त्याची गणना ‘विश्वासू प्रवासी’ म्हणून होते आणि परदेशातून परतताना त्याला लांब रांगेत ताटकळावे लागत नाही. भारतीय नागरिकांना ही योजना २०१७ पासून खुली झाली. अर्जाचे शुल्क १०० डॉलर होते, ते १ ऑक्टोबर २०२४ पासून १२० डॉलर झाले. अर्ज नामंजूर झाला तरी ते परत मिळत नाही.

येथे बँका पुढे सरसावतात. हे शुल्क आमच्या कार्डावर भरा, आम्ही तेवढी रक्कम तुमच्या खात्यात जमा करू, अशी सवलत अमेरिकेतील अनेक कार्डांवर साधारणतः चार वर्षांतून एकदा दिली जाते. बँक पाहते ती एवढेच, की शुल्क कार्डावर आकारले गेले की नाही. अर्ज मंजूर झाला की फेटाळला गेला, याच्याशी तिला कर्तव्य नसते. अर्ज कोणाच्या नावाचा आहे, हेही बहुधा पाहिले जात नाही. त्यामुळे ज्याचे स्वतःचे सदस्यत्व झाले आहे, तो हीच सवलत पत्नीच्या वा आईवडिलांच्या अर्जासाठी वापरतो. मराठी कुटुंबांत ही युक्ती तोंडोतोंडी पसरावी, यात नवल नाही.

कार्डधारकाच्या दृष्टीने ही एक सुखद देणगी. अर्थशास्त्राच्या दृष्टीने मात्र देणगी म्हणून जे दिसते, त्याचा दाता शोधावा लागतो.

या देणगीचा एक दाता कार्डधारक स्वतःच आहे. ‘कॅपिटल वन व्हेंचर’ या कार्डाचे वार्षिक शुल्क ९५ डॉलर आहे. चार वर्षांचे ३८० डॉलर झाले, आणि त्या काळात अर्जशुल्कापोटी परत मिळतात जास्तीत जास्त १२०. त्या कार्डाचे इतरही लाभ आहेत हे खरे. पण हा एक लाभ ‘फुकट’ म्हणावा असा खास नाही. ज्या ग्राहकाने कार्ड घेतले परंतु अर्ज कधी केलाच नाही, त्याचे पैसे तर बँकेकडेच राहतात. अशा विसराळू ग्राहकांची संख्या बँका हिशेबात धरीत असणार. निरवांगीच्या शेतकऱ्याला या व्यवहाराची उलटी बाजू चांगली परिचयाची आहे. युरियाचे पोते हवे असेल तर त्याबरोबर नको असलेले दुसरे खतही घ्या, असा आग्रह धरला जातो, त्याला खतांच्या बाजारात ‘लिंकिंग’ म्हणतात. तेथे नको ती वस्तू गळ्यात मारली जाते आणि येथे हवी ती वस्तू दाखवून कार्ड गळ्यात मारले जाते, एवढाच भेद.

दुसरा दाता अधिक दूरचा आहे आणि त्याला आपण दाता आहोत याची कल्पनाही नसते. कार्डाने पैसे दिले की दुकानदाराला पूर्ण रक्कम मिळत नाही. अमेरिकेत क्रेडिट कार्डावर सुमारे दोन टक्के वा त्याहून काहीशी अधिक कपात होते. कार्डावरील बक्षिसे आणि परतावे बव्हंशी या कपातीतूनच दिले जातात. दुकानदार हा खर्च मालाच्या किमतीत मिळवतो, आणि ती किंमत रोख देणाऱ्यालाही तेवढीच पडते. बोस्टन येथील फेडरल रिझर्व्ह बँकेच्या स्कॉट शू, ओझ शाय आणि जोआना स्टॅव्हिन्स या अर्थशास्त्रज्ञांनी २०१० साली याचा हिशेब मांडला. रोखीने व्यवहार करणारे सरासरी कुटुंब वर्षाकाठी १४९ डॉलर कार्डवाल्यांच्या पदरात टाकते आणि कार्ड वापरणाऱ्या कुटुंबाला ११३३ डॉलरचा लाभ होतो, असा त्यांचा निष्कर्ष होता. उत्पन्नानुसार पाहता, वीस हजार डॉलरांपर्यंत उत्पन्न असलेले कुटुंब २१ डॉलर गमावते, तर दीड लाखांवरील कुटुंब ७५० डॉलर मिळवते. हे आकडे जुने आहेत आणि त्यांमागील गृहीतांवर आक्षेपही घेतले गेले. परंतु प्रवाहाची दिशा अमान्य करणे कठीण आहे. जो कधी विमानात बसला नाही, त्याच्या किराणा सामानातून विमानप्रवाशाचे रांग चुकविण्याचे शुल्क अंशतः भरले जाते.

याहून महत्त्वाचा परिणाम सरकारी शुल्कावरच होतो. शुल्क ठरविणारे सरकार, ते भरणारी बँक आणि सेवा घेणारा प्रवासी, असे तिघे वेगळे झाले की शुल्काला लगाम घालणारा कोणी उरत नाही. २०२४ मध्ये वीस डॉलरांची वाढ झाली, ती अशा कार्डधारकांना फारशी जाणवली नसणार. अनेक कार्डांनी परताव्याची मर्यादा तितकीच वाढवली. वाढ जाणवली ती ज्यांच्याजवळ तसे कार्ड नाही त्यांना, म्हणजे सामान्यतः कमी मिळकतीच्या वा नव्याने देशात आलेल्या, पत अजून न जमलेल्या माणसांना. जो तक्रार करण्यास समर्थ आहे त्याला शुल्क लागत नाही आणि ज्याला लागते त्याचा आवाज पोहोचत नाही.

हे सारे सातासमुद्रापलीकडचे म्हणून सोडून देता येण्यासारखे राहिलेले नाही. २२ जून २०२४ रोजी दिल्ली विमानतळावर भारताची स्वतःची ‘विश्वासू प्रवासी’ योजना सुरू झाली आणि १६ जानेवारी २०२५ रोजी ती मुंबईसह आणखी सात विमानतळांवर नेण्यात आली. भारतीय पारपत्रधारक आणि परदेशस्थ भारतीय नागरिकत्वाचे, म्हणजे ‘ओसीआय’, कार्ड असणारे तिचा लाभ घेऊ शकतात. अर्ज ऑनलाइन, नंतर ठसे व छायाचित्र. मान्यता पाच वर्षे अथवा पारपत्राच्या मुदतीपर्यंत, यांपैकी जे आधी संपेल तितकी. आणि ही सेवा प्रारंभी विनाशुल्क ठेवण्यात आली. या ‘प्रारंभी’ शब्दाकडे लक्ष देणे अगत्याचे आहे.

उद्या शुल्क लागले तर येथील बँकाही त्याचा परतावा देऊ करतील, हे भाकीत करण्यास ज्योतिषाची गरज नाही. विमानतळावरील विश्रामकक्षाचा फुकट प्रवेश त्यांनी असाच कार्डाबरोबर वाटला आणि गर्दी होताच अनेकींनी त्याला ठरावीक खर्चाची अट जोडली. विश्रामकक्ष ही खाजगी चैन आहे. ती दिली काय आणि काढून घेतली काय, लोकहिताचे काही बिघडत नाही. नागरिकावर विश्वास ठेवावा की नाही, हे ठरविणे मात्र राज्याचे काम आहे. त्या निर्णयापर्यंत पोहोचण्याची वाट बँकेच्या कार्डावरून जाऊ लागली, तर त्याचे स्वरूप पालटते.

शुल्कच नको, असा याचा अर्थ नव्हे. तपासणीला खर्च येतो आणि परदेशप्रवास करणाऱ्याने तो सोसणे न्याय्य आहे. तात्काळ पारपत्रासाठी नेहमीच्या १५०० रुपयांवर आणखी २००० रुपये घेतले जातात, त्याविरुद्ध कोणी फारशी ओरड करीत नाही. शिवाय विश्वासू प्रवासी यंत्राच्या दारातून गेले की अधिकारी मोकळा होऊन उरलेली रांगही लवकर सरकते, हा योजनेच्या बाजूचा युक्तिवाद बिनतोड नसला तरी वजनदार आहे. वारीच्या वाटेवरील या तालुक्याला रांग काही नवी नाही. पंढरपुरात तासन् तास दर्शनबारीत उभे राहणाऱ्याला शीघ्र दर्शनाबद्दल जो राग येतो, तो दुसऱ्याच्या लवकर जाण्यापेक्षा आपली रांग त्यामुळे थांबते याचा असतो. म्हणून शुल्क घ्यावयाचे तर ते प्रत्यक्ष खर्चाइतके असावे, तो खर्च प्रसिद्ध करावा, नामंजूर अर्जाची निदान काही रक्कम परत द्यावी आणि सामान्य रांगेला लागणारा वेळही दरवर्षी जाहीर व्हावा.

येथील देवघेवीच्या व्यवस्थेने एका बाबतीत अमेरिकेहून शहाणपण दाखविले आहे. १ जानेवारी २०२० पासून यूपीआय आणि रुपे डेबिट कार्डाच्या व्यवहारांवर दुकानदाराकडून कपात घेतली जात नाही. निरवांगीच्या दुकानातील चौकटींच्या चित्रावर दिलेल्या पैशांतून कोणाच्या विमानप्रवासाची सवलत निघत नाही. बँकांचा खर्च भरून काढण्यासाठी सरकार तिजोरीतून प्रोत्साहन रक्कम देते, म्हणजे भार करदात्यावर पडतो. पण तो अंदाजपत्रकात दिसतो आणि त्यावर प्रश्न विचारता येतो. क्रेडिट कार्डाची कपात मात्र येथेही कायम आहे. बारामतीच्या मोठ्या दुकानात ती किमतीत मिसळलेली असते आणि किसान क्रेडिट कार्डावर पीककर्ज काढणारा शेतकरीही तेथे खरेदीस जातो.

त्या शेतकऱ्याच्या कार्डाबाबत २०१९ साली एक निर्णय झाला. तीन लाखांपर्यंतच्या कर्जावर अर्जप्रक्रिया, कागदपत्रे आणि पाहणी यांचे शुल्क बँकांनी आकारू नये, असे ठरले. येथे शुल्क परत देण्याऐवजी ते मुळातच रद्द करण्यात आले, त्यामुळे ज्याला सवलत ठाऊक नाही त्यालाही ती मिळते. विनातारण कर्जाची मर्यादाही जानेवारी २०२५ पासून दोन लाख रुपये झाली. त्यापुढील रकमेसाठी वकिलाचा शोध-अहवाल लागतो आणि त्याचा खर्च शेतकऱ्यालाच करावा लागतो. विमानतळावरील योजनेचे शुल्क ठरविताना गृहखात्याने या निर्णयाचा नमुना पुढे ठेवण्यास हरकत नसावी.