आडनांव काय सांगतें ?

कापूरहोळच्या फाट्यावरून भोरकडे वळणाऱ्या एस. टी. गाडींत बसलें, कीं शेजारचा प्रवासी थोड्याच वेळांत एक प्रश्न हमखास विचारतो : "आपलें आडनांव काय ?" उत्तर मिळालें म्हणजे तो क्षणभर थांबतो आणि दुसरा प्रश्न करतो : "म्हणजे आपण कुठले ?" या दुसऱ्या प्रश्नांत गांवाची चौकशी थोडी आणि जातीची अधिक असते, हें विचारणाऱ्यालाही ठाऊक असतें व उत्तर देणाऱ्यालाही. श्रोतेहो, आडनांव खरोखर काय सांगूं शकतें आणि काय सांगूं शकत नाहीं, याचा विचार आज आपण करूं. त्यासाठीं भोर-वेल्ह्याचा हा डोंगराळ मुलूखच उदाहरणाला घेऊं.

प्रथम गांवावरून पडलेलीं नांवें पाहूं. गांवाच्या नांवापुढें 'कर' लावला कीं आडनांव तयार झालें, इतकें आपण सर्वच जाणतों. परंतु हें नांव पडतें केव्हां ? भोरांत राहणाऱ्याला भोरकर म्हणण्याचें कांहीं कारण नाहीं. तेथें सारेच भोरचे. तो पुण्यास किंवा साताऱ्यास जाऊन राहिला म्हणजे तेथील लोक त्याला भोरकर म्हणूं लागतात. म्हणजे 'कर' हा शेवट मनुष्य कोठें आहे हें सांगत नाहीं, तो कोठून निघाला हें सांगतो. राजगडाच्या पायथ्याचें गुंजण मावळ घ्या. तेथील देशमुखी शिळीमकरांची. नांवांत मात्र गांव शिळीम. भोर संस्थानचा संस्थापक पुरुष शंकराजी नारायण. राजाराम महाराजांच्या कारकीर्दींत त्याला सचिवपद मिळालें. त्याचेंही मूळ आडनांव गांडेकर, म्हणजे तोही बाहेरूनच आलेला. ज्यांनीं या खोऱ्यांवर अधिकार चालविला, त्यांच्या नांवांतही अशी परगांवची खूण राहून गेली आहे.

दुसरा प्रकार हुद्द्याचा. देशमुख हा परगण्याचा मुख्य अधिकारी, देशपांडे हा परगण्याचें दप्तर सांभाळणारा, कुलकर्णी हा गांवचे हिशेब लिहिणारा. पाटील हा शब्द जुन्या ताम्रपटांतील 'पट्टकिल' या शब्दापासून आला. रोहिडखोऱ्यांत जेधे आणि हिरडस मावळांत बांदल हे देशमुख होते, आणि १६६० सालीं घोडखिंडींत देह ठेवणारे बाजीप्रभु हे याच हिरडस मावळचे देशपांडे. त्या काळीं 'देशपांडे' हा शब्द उच्चारतांच त्यांचें काम डोळ्यांपुढें उभें राही. पुढें १९५० च्या कायद्यानें परगण्याचीं व कुलकर्ण्यांचीं वतनें संपलीं. दप्तर गेलें, नांव तेवढें राहिलें.

हुद्दा बदलला तरी नांव किती चिवट असतें, याचें सुंदर उदाहरण आपल्या इतिहासांत आहे. १६७४ सालीं राज्याभिषेकाच्या वेळीं शिवाजी महाराजांनीं फारशी पदव्या काढून संस्कृत पदव्या दिल्या. मुजुमदाराचा अमात्य झाला, वाकनिसाचा मंत्री, डबिराचा सुमंत आणि सुरनिसाचा सचिव. यांतील 'सचिव' हें पद भोरच्या घराण्यांत इतकें मुरलें, कीं १९४८ सालीं संस्थान विलीन होईपर्यंत तेथील राजे 'पंतसचिव' म्हणूनच ओळखले जात. पण काढून टाकलेल्या फारशी शब्दांचें काय झालें ? ते दरबारांतून निघाले आणि घरांघरांत जाऊन बसले. मुजुमदार, वाकनीस, डबीर, फडणीस, चिटणीस, पारसनीस हीं आपलीं नित्याचीं आडनांवें. त्यांतील 'नीस' म्हणजे फारशी 'नवीस', लिहिणारा. घरांत फारशीचें अक्षरही न येणारा पारसनीस आपल्या नांवानें रोज एक फारशी शब्द उच्चारीत असतो.

हें सर्व आपल्याच देशांत घडलें असें मात्र नव्हे. गोव्यांतील आणि वसईकडील ख्रिस्ती बंधूंचीं आडनांवें पाहा. फर्नांडिस म्हणजे फर्नांदोचा पुत्र, रॉड्रिग्ज म्हणजे रोद्रीगोचा पुत्र. 'सौसा' ही उत्तर पोर्तुगालांतील एक नदी. तेव्हां डिसोझा म्हणजे आपल्या रीतीनें 'सौसाकर'. डिकॉस्टा म्हणजे किनाऱ्याचा, डिसिल्वा म्हणजे रानांतला, परेरा हें नांव पेअरच्या झाडावरून पडलेलें. पण गोव्यांतल्या डिसोझाच्या पूर्वजानें सौसा नदी कधीं पाहिली होती काय ? बहुधा नाहीं. सोळाव्या शतकापासून बाप्तिस्म्याबरोबर हीं पोर्तुगीज नांवें इकडील घराण्यांना मिळालीं. नांव खरें, नदीही खरी, परंतु नांवावरून वंश काढूं गेलें तर हिशेब चुकला. इंग्लंडांत 'स्मिथ' म्हणजे लोहार. पण स्मिथ नांवाचा गृहस्थ ऐरणीपुढें उभा असेल, अशी अपेक्षा आज कोणीही करीत नाहीं.

पाळण्यांतल्या नांवांचीही हीच गोष्ट. 'पीटर' या नांवाचा ग्रीक अर्थ खडक, आणि आपल्याकडे धोंडो व दगडू आहेतच. शब्दार्थ जवळजवळ एक. पोटांतला भाव अगदीं निराळा. पीटरमध्यें धर्मसंस्थेच्या पायाचा दगड आहे. आपल्याकडे आधींचीं मुलें दगावलीं, कीं पुढच्याला दृष्ट लागूं नये म्हणून आई त्याला दगडू म्हणे. कोश पाहून अर्थ कळतो, आईची भीति कळत नाहीं.

आतां त्या दुसऱ्या प्रश्नाकडे वळूं. देशमुख मराठ्यांत आहेत, ब्राह्मणांत आहेत, कायस्थ प्रभूंत आहेत, मुसलमानांतही आहेत. पाटील तर कोणत्या समाजांत नाहींत ? ज्यानें काम केलें त्याला नांव मिळालें, ज्यानें गांव सोडलें त्याला गांवाचें नांव चिकटलें. असें असतां भाड्याची खोली देतांना, नोकरींत घेतांना किंवा पंगतीला पाट मांडतांना आडनांवावरून माणसाची किंमत ठरविणें, हें अन्यायाचें तर आहेच, शिवाय अज्ञानाचेंही आहे. कित्येकांनीं याच जाचामुळें आडनांव बदललें किंवा सोडून दिलें. त्यांना हसण्यापूर्वीं आपल्या प्रश्नांत काय दडलें होतें, हें आपण पाहावें.

नांवांची घडण अद्याप थांबलेली नाहीं. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांत मुलाच्या नांवापुढें आईचें नांव, मग वडिलांचें आणि शेवटीं आडनांव लिहावें, असें महाराष्ट्र सरकारनें ठरविलें आहे. फर्नांडिसांत बाप राहिला, शिळीमकरांत गांव राहिलें, देशपांड्यांत दप्तर राहिलें. आई मात्र कोठेंच नव्हती. ती आतां ओळींत आली.

तेव्हां पुढच्या खेपेला गाडींत कोणी आडनांव सांगितलें, तर अवश्य विचारा, "म्हणजे आपण कुठले ?" पण उत्तर गांवाचेंच ऐका. त्या गांवाहून हें घराणें कां निघालें, वाटेंत काय सोसलें, येथें कसें रुजलें, ही कथा निघाली तर प्रवास कसा संपला तें कळणारही नाहीं.