सिंगापूरच्या पोटातली आग

सिंगापुरात ज्वालामुखी नाही. पण सर्वांत उंच जागा, सुमारे 164 मीटरची बुकित तिमा टेकडी, शिलारसातूनच घडली आहे. वीस कोटींहून अधिक वर्षांपूर्वी हा रस जमिनीखालीच सावकाश थिजून त्याचा ग्रॅनाइट झाला. वरचे थर झिजले आणि तो उघडा पडला. आपला सह्याद्री मात्र पृष्ठभागावर पसरलेल्या लाव्हाचा, म्हणून काळ्या बेसॉल्टचा. पुलाऊ उबिन बेटावरही हाच ग्रॅनाइट आहे. 1851 चं हॉर्सबर्ग दीपगृह तिथल्याच दगडात बांधलेलं आहे.

सेंबवांगचा गरम झरा आवर्जून पाहावा असा. 1909 मध्ये सापडलेल्या या झऱ्याचं पाणी 70 अंशांपर्यंत तापतं. ती ऊब ज्वालामुखीची नव्हे: भेगांतून खोल उतरलेलं पाणी तिथल्या उष्णतेनं तापून वर येतं. 2020 पासून तिथे उद्यान आहे. वज्रेश्वरी-गणेशपुरीच्या कुंडांत न्हाणाऱ्या मराठी माणसाला इथे पाय शेकताना परकं वाटू नये. लोक याच पाण्यात अंडीही उकडतात.