मेल्बा लिस्टन : बँडचा आवाज लिहिणारी बाई

हिंदी चित्रपटसंगीताच्या चाहत्याला अरेंजर कोण हे सांगावं लागत नाही. चाल तयार झाली की तिच्यामागे व्हायोलिनं कुठे उठणार, ट्रम्पेट कुठे बोलणार, कुठे सगळ्यांनी थांबायचं, हे ठरवून प्रत्येक वादकाच्या हाती त्याचा कागद देणारा तो माणूस. मुंबईत हे काम सेबॅस्टियन डिसूझा, अँथनी गोन्साल्विस यांच्यासारख्या गोव्याच्या मंडळींनी केलं आणि त्यांची नावं रसिकांपर्यंत फार उशिरा पोचली. अमेरिकेच्या जॅझमध्ये हेच काम मेल्बा लिस्टनने आयुष्यभर केलं. त्यातही ती स्त्री, कृष्णवर्णीय आणि वाजवायची ट्रॉम्बोन. पुरुषांच्या बँडमध्ये बाई गायला उभी राहिली तर चालायचं. ट्रॉम्बोनच्या रांगेत बसलेली बाई कुणाला पाहवत नसे.

मेल्बाचा जन्म 13 जानेवारी 1926 चा, मिसुरीतल्या कॅन्सस सिटीचा. सातव्या वर्षी तिने ट्रॉम्बोनचा हट्ट धरला. या वाद्याला बोटांखाली दाबायच्या कळा नसतात. लांब नळी पुढेमागे सरकवायची, तिच्यावर स्वरांच्या सात जागा, आणि त्या दाखवणारी एकही खूण नाही. कान आणि हात यांच्यावरच सगळी भिस्त. मींड घ्यायला याच्याइतकं सोयीचं पाश्चात्त्य सुषिर वाद्य दुसरं नाही. पण शेवटच्या जागांपर्यंत लहान मुलाचा हात पोचतच नाही. मेल्बा बरंचसं स्वतःच, कानाने शिकली. आठव्या वर्षी तिने स्थानिक रेडिओवर एकटीने वाजवलं.

पुढे कुटुंब लॉस एंजेलिसला आलं. सोळाव्या वर्षी ती लिंकन थिएटरच्या बँडमध्ये नोकरीला लागली आणि 1943 मध्ये जेराल्ड विल्सनच्या बिग बँडमध्ये गेली. विल्सन स्वतः उत्तम अरेंजर होता आणि त्याच्या हाताखाली ती स्वरलेखनात मुरली. शाळासोबती, सॅक्सोफोनवादक डेक्स्टर गॉर्डनने 1947 मध्ये तिला आपल्या ध्वनिमुद्रणात घेतलं आणि तिच्यावरून एका रचनेचं नाव ठेवलं, 'मिस्चिव्हस लेडी'.

पुढे ती ट्रम्पेटवादक डिझी गिलेस्पीच्या बँडमध्येही वाजवू लागली. त्या बँडमध्ये आल्यावरचा एक प्रसंग तिने नंतर सांगितला आहे. इतक्या लांबून ही बाई कशाला आणली, अशी वादकांची कुजबुज चालली होती. गिलेस्पी वाद घालत बसला नाही. त्याने तिने लिहिलेले कागद पुढे ठेवून वाजवायला सांगितलं. मंडळी अडखळली, पुन्हा वाजवलं, पुन्हा चुकली. त्यानंतर कुजबुज बंद झाली.

1949 मध्ये गायिका बिली हॉलिडेच्या साथीला विल्सनचा बँड दक्षिणेकडच्या राज्यांत गेला, त्यात मेल्बा पुन्हा होती. दौरा कोसळला, पैसे संपले. या अनुभवाने ती इतकी खचली की तिने संगीत सोडलं आणि लॉस एंजेलिसच्या शिक्षण मंडळात कारकुनी धरली. मधूनमधून सिनेमात किरकोळ कामंही केली. 'द प्रॉडिगल' या 1955 च्या चित्रपटात ती हार्प घेऊन वावरते. वादनाच्या ऐन उमेदीतली ही वर्षं अशी गेली, याची हळहळ वाटल्याशिवाय राहत नाही.

1956 मध्ये गिलेस्पीनेच तिला परत आणलं. अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याने त्याचा बँड मध्यपूर्वेत आणि आशियात पाठवला. शीतयुद्धाच्या राजकारणात जॅझ हे अमेरिकेचं प्रचारसाधन झालं होतं आणि ज्या कृष्णवर्णीय वादकांना स्वतःच्या देशात समान हक्क नव्हते, तेच देशाचे दूत म्हणून फिरत होते. बँड कराचीतही वाजवून गेला. 'माय रेव्हरी' आणि 'स्टेला बाय स्टारलाइट' या जुन्या सुरावटींना मेल्बाने या बँडसाठी नवं रूप दिलं. 1958 मध्ये 'मेल्बा लिस्टन अँड हर बोन्स' ही ट्रॉम्बोनवादकांना घेऊन केलेली तबकडी ध्वनिमुद्रित झाली. स्वतःच्या नावावरची तिची ही एकमेव.

तिचं थोरपण मला सर्वाधिक जाणवतं ते पियानिस्ट रँडी वेस्टनबरोबरच्या कामात. 'लिटल नाइल्स'पासून नव्वदच्या दशकापर्यंत ही भागीदारी चालली. वेस्टन पियानोवर कल्पना वाजवून दाखवी, मेल्बा ऐके आणि ती बँडभर पसरवे. 1960 मध्ये आफ्रिकेतले 17 देश स्वतंत्र झाले. त्याच वर्षी दोघांनी 'उहुरू आफ्रिका' ही चार भागांची रचना ध्वनिमुद्रित केली. स्वाहिलीत उहुरू म्हणजे स्वातंत्र्य. शब्द कवी लँग्स्टन ह्यूज यांचे. नायजेरियाचा बाबातुंडे ओलातुंजी आणि क्यूबाचा कँडिडो यांच्यासारखे तालवादक एकाच वेळी वाजवतात, तरी कुठे गलका होत नाही. तालाला मोकळी जागा ठेवून पितळी वाद्यं नेमकी केव्हा आणायची, हे लिहिणारीला पुरतं उमगलं होतं. दक्षिण आफ्रिकेच्या वर्णद्वेषी सरकारने या तबकडीवर बंदी घातली.

साठच्या दशकात तिने व्हायब्राफोनवादक मिल्ट जॅक्सन, सॅक्सोफोनवादक जॉनी ग्रिफिन यांच्यासाठी लिहिलं. मोटाउन कंपनीसाठी लोकप्रिय गाण्यांची अरेंजिंगही केली. गंभीर काम आणि बाजारी काम असा भेद तिने केलेला दिसत नाही.

1973 मध्ये ती जमैकाला गेली आणि तिथल्या संगीतशाळेत सहा वर्षं शिकवत राहिली. 'स्माइल ऑरेंज' या जमैकन चित्रपटाचं संगीत तिचं आहे. 1979 मध्ये कॅन्सस सिटीच्या महिला जॅझ महोत्सवासाठी ती मायदेशी आली आणि स्वतःचा बँड काढून पुन्हा वाजवू लागली.

1985 मध्ये पक्षाघाताचा झटका आला. शरीराची एक बाजू लुळी पडली, ट्रॉम्बोन कायमचा सुटला. मग ती संगणकावर स्वर लिहायला शिकली. 1987 मध्ये तिला 'जॅझ मास्टर' हा राष्ट्रीय सन्मान मिळाला. वेस्टनच्या 'द स्पिरिट्स ऑफ अवर अँसेस्टर्स' या दोन भागांच्या ध्वनिमुद्रणाची अरेंजिंग या आजारपणातली, 1991 ची, आणि त्यात पाहुणा वादक म्हणून आला होता डिझी गिलेस्पी. 23 एप्रिल 1999 रोजी लॉस एंजेलिसमध्ये ती गेली. तिची हस्तलिखितं शिकागोच्या कोलंबिया कॉलेजमधल्या कृष्णवर्णीय संगीताच्या संशोधन केंद्राकडे गेली. कोणत्या तबकडीतला कोणता भाग तिच्या हातचा, हे अभ्यासक आता त्या कागदांवरून लावत आहेत.