नकाशातील एकाच घटकाच्या अनेक प्रती

सांगलीजवळच्या माधवनगरसारख्या यंत्रमागांच्या गावात कारखान्याची शेड आखताना तोच खांब आणि तीच खिडकी ठरावीक अंतराने पुन्हा पुन्हा येते; अशा वेळी, १९८२ साली बाजारात आलेल्या ‘ऑटोकॅड’ या संगणकप्रणालीत तो घटक एकदाच काढून ‘अ‍ॅरे’ या आज्ञेने, म्हणजे ओळी, रकाने व त्यांतील अंतर सांगून, त्याच्या प्रती मांडता येतात. साध्या ‘कॉपी’ने केलेली प्रत्येक प्रत स्वतंत्र असते, तर ‘ब्लॉक’ हा नाव देऊन साठवलेला घटक असल्याने त्याचे मूळ रूप बदलताच सर्व प्रती बदलतात. ‘रेव्हिट’ या प्रणालीत एकाच जागी दोन सारखे खांब पडले, तर पडद्यावर एकच दिसतो, पण मोजमापाच्या तक्त्यात दोन धरले जातात. म्हणून प्रणालीने दिलेला इशारा वाचून, जादा प्रत काढूनच अंदाजपत्रक तयार करावे.